शिवणीतला दोरा आणि गेलेले रौप्यपदक : स्की जंपिंगचा सूट घोटाळा नेमका काय होता?

८ मार्च २०२५. नॉर्वेतल्या ट्रॉन्डहाइम शहरात नॉर्डिक स्कीची जागतिक अजिंक्यपद स्पर्धा चालू होती. मोठ्या टेकडीवरची स्की जंपिंगची फेरी संपली तेव्हा स्लोव्हेनियाचा डोमेन प्रेव्त्स पहिला आला होता आणि यजमान नॉर्वेचा मारियुस लिंडविक दुसरा. काही तासांत लिंडविकचे नाव निकालातून खोडले गेले. त्याचाच सहकारी योहान आंद्रे फोरफांग पाचवा आला होता, तोही बाद झाला. दोघांनी उत्तेजक द्रव्य घेतलेले नव्हते. उडीत काही चुकले होते असेही नाही. त्यांचे सूट नियमात बसत नव्हते, इतकेच.

दुसऱ्या दिवशी नॉर्वेच्या संघाने कबूल केले की सुटांशी छेडछाड झाली होती. जानेवारी २०२६मध्ये या प्रकरणात नॉर्वेचे माजी मुख्य प्रशिक्षक मॅग्नुस ब्रेविग, त्यांचे सहायक थॉमस लोबेन आणि सुटांचे काम पाहणारे आद्रियान लिवेल्टन या तिघांवर १८ महिन्यांची बंदी आली. बातमी वाचून साहजिक प्रश्न पडतो, की शिलाईवरून दीड वर्षाची बंदी? क्रिकेटवर वाढलेल्या आपल्यासारख्यांना हा खेळच अनोळखी, त्यात भांडण शिवणकामाचे. म्हणून आधी खेळ, मग कापड आणि मग भानगड, अशा क्रमाने जाऊ.

हा खेळ चालतो कसा

उंच मनोऱ्यावरून बर्फाची एक तीव्र उताराची घसरपट्टी खाली येते. खेळाडू वरच्या आडव्या दांड्यावर बसतो, हिरवा दिवा लागला की स्वतःला सोडून देतो आणि मोठ्या टेकडीवर ताशी सुमारे ९० किलोमीटर वेगाने पट्टीच्या टोकाशी पोहोचतो. ते टोक वर वळलेले असेल असे टीव्हीवर बघताना वाटते. प्रत्यक्षात ते थोडे खालीच झुकलेले असते. वर जाण्यासाठी जो काही जोर लागतो तो खेळाडूला स्वतःच्या पायांनी, एका क्षणात लावावा लागतो. तो क्षण थोडा आधी आला किंवा थोडा उशिरा आला की उडी संपली म्हणून समजा.

त्यानंतर सुमारे पाच सेकंद तो हवेत असतो. खालची टेकडीही त्याच्या मार्गासारखीच उतरत जाते, त्यामुळे तो शंभर-सव्वाशे मीटर लांब जाऊनही जमिनीपासून काही मीटरच वर असतो. म्हणूनच इतक्या लांबून येऊनही माणूस उभ्याने, हसत उतरू शकतो.

याहून अवाढव्य टेकड्यांवरच्या प्रकाराला स्की फ्लाइंग म्हणतात. तिथे उड्या दोनशे मीटरच्या पुढे जातात. अशा टेकड्या जगात मोजक्याच आहेत. स्लोव्हेनियातली प्लानित्सा आणि नॉर्वेतली विकरसुंद या त्यांतल्या सगळ्यात गाजलेल्या.

गुणांचे गणित, आणि ७८ सेंटीमीटर

प्रत्येक टेकडीवर एक ठरावीक अंतर आखलेले असते, त्याला के-बिंदू म्हणतात. तिथपर्यंत पोहोचले की मोठ्या टेकडीवर ६० गुण. त्यापुढच्या प्रत्येक मीटरला १.८ गुण मिळतात आणि कमी पडलेल्या प्रत्येक मीटरला तेवढेच कापले जातात. के-बिंदू १२० मीटरवर असेल आणि उडी १३० मीटरची झाली, तर अंतराचे ७८ गुण होतात. शिवाय पाच परीक्षक उड्डाणाच्या आणि उतरण्याच्या शैलीला प्रत्येकी २० पैकी गुण देतात. त्यांतला सर्वांत जास्त आणि सर्वांत कमी आकडा सोडून उरलेल्या तिघांची बेरीज धरतात. समोरून वारा आला तर खेळाडूला फायदा होतो म्हणून गुण वजा होतात, पाठीमागून आला तर वाढवून मिळतात. सुरुवातीचा दांडा वरखाली केला तर त्याचाही हिशेब असतो. अशा दोन उड्यांची बेरीज म्हणजे निकाल.

आता याच मोसमातली फोर हिल्स टूर्नामेंट घ्या. वर्षअखेर आणि नववर्षाच्या दिवसांत जर्मनी-ऑस्ट्रियातल्या चार टेकड्यांवर ही मालिका होते आणि या खेळात तिचा मान ऑलिंपिकच्या खालोखाल धरतात. ६ जानेवारी २०२५ला बिशोफ्सहोफेनमध्ये ती संपली तेव्हा पहिले तिघेही ऑस्ट्रियाचे होते : डॅनिएल चोफेनिग, यान हर्ल आणि श्टेफान क्राफ्ट. शेवटच्या टेकडीवर येताना क्राफ्ट आघाडीवर होता, जिंकला २२ वर्षांचा चोफेनिग. चार ठिकाणच्या मिळून आठ उड्या, म्हणजे हवेतला जवळजवळ एक किलोमीटरचा प्रवास झाल्यावर पहिल्या आणि दुसऱ्यात फरक उरला १.४ गुणांचा.

१.८ गुणांना एक मीटर, तर १.४ गुणांना सुमारे ७८ सेंटीमीटर. हा आकडा लक्षात ठेवा. पुढचे सगळे भांडण त्याच्यापाशीच येते.

कापडाचा पंख

धावत्या एसटीच्या खिडकीतून हात बाहेर काढू नये अशी सूचना लिहिलेली असते आणि ती मोडून आपण सगळ्यांनी कधी ना कधी तळहात बाहेर धरलेला असतो. तळवा जमिनीला समांतर ठेवला तर हवा नुसती निसटून जाते. पुढची, अंगठ्याकडची बाजू जराशी वर केली की हात आपोआप वर उचलला जातो. स्की जंपर आपले सगळे शरीर त्या तळव्यासारखे वापरतो. तो पुढे झुकून स्कीवर जवळजवळ आडवा होतो, स्की पुढे व्ही आकारात फाकवतो आणि येणाऱ्या हवेला खालून रेटा द्यायला लावतो.

ही व्ही शैली स्वीडनच्या यान बोकलेव्हने १९८०च्या दशकात रूढ केली. तोवर स्की एकमेकींना समांतर ठेवणे हीच सुंदर उडी मानली जाई. त्यामुळे परीक्षक त्याचे शैलीचे गुण कापत राहिले आणि तो लांब उड्या मारत राहिला. १९८८-८९चा विश्वचषक (तो इथे सगळ्या मोसमातल्या स्पर्धांच्या गुणांवर ठरतो) त्यानेच जिंकला. पुढे सगळे जग त्याच्यासारखे उडू लागले. या खेळात हवेने एकदा निकाल दिला की नियमांना मागून यावे लागते, ही जुनीच रीत आहे.

हवा जितक्या मोठ्या पृष्ठभागाला भिडेल तितका रेटा जास्त. स्कीची लांबी खेळाडूच्या उंचीच्या जास्तीत जास्त १४५ टक्के इतकी बांधलेली आहे. खेळाडू अति सडपातळ असेल तर त्याला आणखी आखूड स्की दिल्या जातात, कारण एके काळी हलके होण्यासाठी मुले उपाशी राहू लागली होती. म्हणजे स्की बांधलेल्या, वजनाला लगाम. उरला सूट. सुटाचे कापड हवा आरपार जाऊ देणारेच हवे असा नियम आहे. दर चौरस मीटरमधून सेकंदाला किमान ४० लिटर हवा गेली पाहिजे, नाहीतर ते शिडासारखे फुगेल. आणि सूट शरीरापेक्षा फार सैल चालत नाही. मुभा असते ती अगदी मोजक्या सेंटीमीटरांची.

त्यातही सगळ्यांत मोलाची जागा म्हणजे आसन, दोन्ही मांड्यांचे कापड जिथे एकत्र येते तो भाग. व्ही आकारात पाय फाकले की तिथे मोकळी जागा तयार होते. आसन जरा खाली आले, कापड जरा जास्त असले किंवा ते ताठ राहिले, की त्या फटीत एक छोटा पडदा ताणला जातो आणि हवा त्यावर रेटा देते. २०२५मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका शास्त्रीय अभ्यासाने सुटाचा घेर दोन सेंटीमीटरने वाढवला तर उडी साधारण पावणेसहा मीटरने लांबते, असा हिशेब मांडला. पावणेसहा मीटर म्हणजे एका उडीत दहा गुण, आणि फोर हिल्सचा विजेता ठरला होता आठ उड्यांमधल्या ७८ सेंटीमीटरांवर.

ट्रॉन्डहाइमच्या हॉटेलात

आंतरराष्ट्रीय स्की महासंघ खेळाडूंची शरीराची मापे नोंदवून ठेवतो. मोसमासाठी ठरावीक सूट मंजूर होतात, प्रत्येकात एक इलेक्ट्रॉनिक चिप बसवली जाते. चिप लागलेल्या सुटाला नंतर कात्री किंवा सुई लावायची नाही. स्पर्धेच्या वेळी नियंत्रक चिप तपासतात आणि काही खेळाडूंचे सूट पुन्हा मोजतात. व्यवस्था कागदावर चोख वाटते.

मोठ्या टेकडीवरच्या स्पर्धेआधी एक चित्रफीत बाहेर आली. हॉटेलच्या खोलीच्या पडद्याच्या फटीतून, बाहेरून चोरून घेतलेली. आत नॉर्वेच्या संघाचे सूट शिवले जात होते आणि खुद्द मुख्य प्रशिक्षक तिथे हजर होते. ऑस्ट्रिया, स्लोव्हेनिया आणि पोलंड या देशांनी तक्रार केली. स्पर्धा झाल्यावर नियंत्रकांनी सूट नुसते मोजले नाहीत, तर शिवणी उसवून पाहिल्या. आसनाच्या भागात जास्तीचा मजबूत दोरा घातलेला सापडला. त्यामुळे ती जागा ताठ राहत होती. वरवरच्या मोजमापात हे दिसले नसते, आणि हीच त्या दोऱ्याची खुबी होती.

लिंडविकचे रौप्य हर्लकडे गेले, कांस्य जपानच्या रियोयू कोबायाशीला मिळाले. नॉर्वेच्या संघप्रमुखांनी पत्रकारांसमोर ही फसवणूक असल्याचे मान्य केले. ब्रेविग आणि लिवेल्टन निलंबित झाले, आणि पुढच्या काही दिवसांत तपास होईपर्यंत नॉर्वेच्या एकूण पाच खेळाडूंना तात्पुरते बाहेर बसवले गेले. तेव्हा पुढची स्पर्धा कुठे होती? ऑस्लोमध्ये, होल्मेनकोलनच्या टेकडीवर. ज्या टेकडीला नॉर्वेचे लोक घरच्या देवळासारखे मानतात, तिथेच त्यांचे पाच जण उडू शकले नाहीत.

लिंडविकने त्याच स्पर्धेत सहा दिवस आधी, २ मार्चला, लहान टेकडीवर सुवर्ण जिंकले होते. ते त्याच्याकडेच राहिले. अनेकांना ते खटकले, मलाही थोडे खटकते. पण पुरावा होता तो ८ मार्चच्या सुटांचा. आधीच्या सुटांवर नुसत्या संशयावरून पदक काढून घेणे हाही एक अन्यायच झाला असता.

“सगळेच करत असतील की!”

ही पहिली शंका, आणि ती अगदी निराधार नाही. सुटावरून बाद होणे या खेळात नवे नाही. फेब्रुवारी २०२२मध्ये बीजिंग ऑलिंपिकच्या मिश्र सांघिक स्पर्धेत जपान, ऑस्ट्रिया, जर्मनी आणि नॉर्वे या चार देशांच्या मिळून पाच महिला खेळाडू एकाच दिवशी सुटामुळे बाद झाल्या. त्यात जपानची सारा ताकानाशीही होती, महिलांच्या विश्वचषकातली सर्वांत यशस्वी खेळाडू. सुवर्णपदक स्लोव्हेनियाने नेले.

मुभेच्या काठापर्यंत सगळेच संघ जातात, ते त्यांचे कामच आहे. दोन सेंटीमीटर सैल चालत असेल तर कोणता शिंपी दीडवर थांबेल? काठ ओलांडला की बाद व्हायचे, पुढच्या आठवड्यात परत यायचे, हा धोका तेव्हा सगळे उघडपणे पत्करत. ट्रॉन्डहाइमची गोष्ट निराळी होती. तिथे मंजूर झालेला, चिप लावलेला सूट नंतर गुपचूप उघडून बदलला गेला. बीजिंगमध्ये मापाचा नियम मोडला होता. इथे तपासणीलाच फसवले गेले. १८ महिन्यांची बंदी दोऱ्याच्या लांबीवरून आलेली नाही, या दुसऱ्या गोष्टीवरून आलेली आहे.

“खेळाडूंना माहीतच नव्हते, मग शिक्षा का?”

तपासात असे निघाले की लिंडविक आणि फोरफांग यांना छेडछाडीची कल्पना नव्हती. तरीही ऑगस्ट २०२५मध्ये दोघांनी तीन महिन्यांची बंदी आणि प्रत्येकी २,००० स्विस फ्रँकचा दंड स्वीकारला. ठपका असा, की रात्री आपल्या सुटाचे काय झाले हे त्यांनी विचारायला हवे होते, सूट नीट पाहायला हवा होता.

शिक्षा सौम्य वाटते, कारण बंदीमुळे दोघांनाही पुढच्या हिवाळ्याला मुकावे लागले नाही. पण उलट बाजूही पाहा. स्की जंपर स्वतःचा सूट शिवत नाही. हंगामात दर आठवड्याला नवी टेकडी, नवे हॉटेल. सूट सकाळी हातात येतो आणि तो घालून ताशी ९० किलोमीटरने स्वतःला सोडून द्यायचे असते. तिथे आपल्या माणसांवर विश्वास ठेवणे हा हलगर्जीपणा नाही, त्याशिवाय उडीच मारता येणार नाही. म्हणूनच माझ्या मते खरी जबाबदारी प्रशिक्षकांची होती आणि शिक्षेतला फरक बरोबर आहे.

“मग सूट अंगाला चिकटणारेच सक्तीचे करा”

हा उपाय सुचला नसेल असे नाही. २०१२मध्ये महासंघाने जवळजवळ अंगाला चिकटणारे सूट आणले होते. पुढच्या काळात थोडी ढील द्यावी लागली.

अडचण पहिली : कापड कमी म्हणजे हवेचा आधार कमी. तेवढेच अंतर गाठायचे तर घसरपट्टीवर वेग वाढवावा लागतो, आणि जास्त वेगाने उतरणे म्हणजे गुडघ्यांवर जास्त भार. अडचण दुसरी अधिक अवघड आहे. सूट ज्याच्याशी जुळवून मोजायचा ते शरीर स्वतःच स्थिर नसते. पोट आत घेतले, श्वास भरला, पाय किंचित फाकवून उभे राहिले की माप बदलते. आसनाची उंची मोजताना तर नियंत्रक आणि खेळाडू दोघेही अवघडलेले असतात. एका मिलीमीटरचा अर्थ काढायचा आणि मोजायचे ते हाडामांसाचे माणूस. स्कीची लांबी लाकडी पट्टीने मोजून वाद मिटतो, सुटाचा तसा कधी मिटेल असे वाटत नाही.

त्यामुळे महासंघाने मोजमापापेक्षा ताब्यावर भर दिला. ट्रॉन्डहाइमनंतर उरलेल्या मोसमासाठी प्रत्येकाला एकच सूट, आणि तोही महासंघाच्या कुलपात. स्पर्धा सुरू व्हायच्या थोडा वेळ आधी हातात, स्पर्धा संपली की परत. रात्री हॉटेलात शिवायला काही उरलेच नाही.

कुलपातले सूट आणि विक्रम

कुलूप लागल्यावर उड्या आखूड झाल्या असत्या, तर सगळ्या मोसमावरच संशयाचे सावट आले असते. झाले उलट. १४ मार्चला विकरसुंदमध्ये स्लोव्हेनियाची निका प्रेव्त्स २३६ मीटर उडाली, हा महिलांचा जागतिक विक्रम. आधीचा विक्रम नॉर्वेच्या सिल्ये ओपसेथचा होता, २३०.५ मीटर. एका झटक्यात साडेपाच मीटरची भर. ट्रॉन्डहाइममध्येही वैयक्तिक दोन्ही सुवर्णपदके निकानेच नेली होती.

३० मार्चला, मोसमाच्या अखेरच्या दिवशी, प्लानित्सात तिचा भाऊ डोमेन २५४.५ मीटर गेला. २०१७मध्ये क्राफ्टने विकरसुंदला केलेला २५३.५ मीटरचा विक्रम आठ वर्षे टिकला होता. या दोघांचा थोरला भाऊ पेटर २०१५मध्ये २५० मीटर गाठणारा पहिला माणूस ठरला होता, त्यामुळे हे घराणे आकड्यांच्या बाबतीत सवयीचे आहे. कोबायाशी २०२४च्या एप्रिलमध्ये आइसलंडमध्ये मुद्दाम बांधलेल्या टेकडीवरून २९१ मीटर गेला होता, हे खरे. पण ती स्पर्धा नव्हती, म्हणून अधिकृत यादीत ती उडी नाही.

विश्वचषक चोफेनिगने जिंकला, हर्ल दुसरा. मोसमाच्या सुरुवातीला सगळ्यांना मागे टाकणारा जर्मनीचा ३४ वर्षांचा पियस पाश्के मात्र हळूहळू विरत गेला. सूट घोटाळा झाला नसता तर या मोसमाची बातमी त्याच्याबद्दल असती : चौतिशीत अचानक पाच विजय, आणि मग काहीच नाही. ते बिचारे राहूनच गेले.

आता काय बदलले आहे

२०२५-२६पासून पिवळे आणि लाल कार्ड आले. सुटामुळे किंवा इतर साहित्यामुळे पहिल्यांदा बाद झालात तर पिवळे. दुसऱ्यांदा झालात तर लाल, म्हणजे पुढच्या स्पर्धेला मुकायचे आणि संघाचीही एक जागा जायची. आधी बाद होण्याची किंमत त्या दिवसापुरती होती, म्हणून काठावरचा धोका परवडत होता. आता शिंप्याची चूक शेजारच्या खेळाडूलाही भोवते.

या नियमाचा मोठा फटका बसला तो, गंमत म्हणजे, ट्रॉन्डहाइममध्ये तक्रार करणाऱ्या स्लोव्हेनियालाच. डिसेंबर २०२५च्या अखेरीस ओबर्स्टडॉर्फला, फोर हिल्सच्या पहिल्याच टेकडीवर, टिमी झायत्सचा सूट मांडीच्या भागात ३ मिलीमीटरने नियमाबाहेर निघाला. तीन दिवसांनी, १ जानेवारीला गार्मिशमध्ये, तो पुन्हा सुटावरूनच बाद झाला आणि लाल कार्ड दिसले. कोणी त्याला लबाड म्हटले नाही. शिवणीत काही लपवलेलेही नव्हते. तीच फोर हिल्स मालिका त्याच्या संघातल्या डोमेन प्रेव्त्सने जिंकली.